न्यायासनाचा पुकारा

एकदा एक वृद्ध न्यायशास्त्री एका नगरीच्या न्यायासनावर बसत असत. दाव्यांची गाठोडी त्यांच्यापुढे मांडण्याचे काम त्यांच्या शिष्याकडे होते. शिष्य हुशार. झटपट उरकणारे दावे तो वर ठेवी, किचकट दावे तळाशी सरकवी. त्यामुळे रोज संध्याकाळी पुष्कळ काम झालेले दिसे आणि त्यालाही बरे वाटे.

एका सकाळी त्याने दारात जाऊन पुकारा केला, "तुळसाबाई हाजिर हो!"

आत आला एक म्हातारा विणकर. हातात कुणाची तरी आखूड काठी.

"बाबा, तुम्ही नव्हे. तुळसाबाई कुठे आहेत?"

"गेली ती. दिवाळीच्या आधीच. मी तिचा नवरा. ही तिची काठी."

शिष्याने हातातल्या गाठोड्यावर साचलेली धूळ पाहिली.

तुळसाबाई आंधळी होती. नदीकडे जाण्याची तिची पायाखालची वाट शेजारच्या व्यापाऱ्याने भिंत घालून अडवली. वाट वहिवाटीची आहे, असे ती म्हणे. बाई खोटे बोलते, असे तो म्हणे. डोळस माणसाला वळसा घालून जाता येई, तिला येत नसे. म्हणून तिने ती वाट फक्त स्वतःला चालण्यापुरतीच मागितली होती.

न्यायशास्त्री खालच्या आवाजात म्हणाले, "आता ठरवण्यासारखे काही उरले नाही. दावा काढून टाकला आहे."

म्हातारा मटकन खाली बसला. "म्हणजे... ती खोटीच ठरली?"

"आता तरी पटलं ना, मामा?" दावा ऐकायला आलेला तो व्यापारी मिशीत हसला. "उगाच म्हातारीला एवढं फरफटवलंत!"

न्यायशास्त्री शिष्याकडे वळले. "पुन्हा पुकारा कर. म्हण, न्यायासन हाजिर हो."

शिष्य चपापला. गुरुजींना भ्रम तर झाला नाही? "गुरुजी, आसन इथेच तर आहे."

"पुकारा कर."

कापऱ्या आवाजात त्याने पुकारा केला. बाहेरची माणसे अवाक होऊन दाराशी गोळा झाली. तेव्हा न्यायशास्त्री आसनावरून उतरले, म्हाताऱ्याजवळ जाऊन उभे राहिले आणि हात जोडून म्हणाले, "हजर आहे. पण उशिरा."



"कोण खरे होते, मला ठाऊक नाही," ते म्हणाले. "ती नसताना आता ते सांगू लागलो, तर ती नुसती समजूत घालणे होईल, न्याय नव्हे. म्हणून दावा काढावा लागला. पण काढलेला दावा हा हरलेला दावा नसतो. शेठजी, तुम्ही जिंकलेले नाहीत. बाबा, तुमची बायको खोटी ठरलेली नाही. तसे कुणी म्हणाले, तर त्याला माझ्याकडे पाठवा. ती दारात उभी होती, तेव्हा हे आसन गैरहजर होते. चूक झाली ती इथे."

व्यापाऱ्याने मान खाली घातली. म्हातारा काठीवरून हात फिरवत राहिला. "एवढं तिच्या कानावर पडायला हवं होतं," तो म्हणाला आणि उठला.

तुळसाबाईचे गाठोडे दर खेपेला तळाशी कुणी सरकवले, हे शिष्याला कुणी विचारले नाही. दुसऱ्या दिवशी त्याने सगळ्यात तळाचे गाठोडे वर घेतले आणि दारात जाऊन पुकारा केला. क्षणभर कुणीच हलले नाही. मग मागून एक थकलेला आवाज आला, "आहे रे बाबा, अजून आहे."

आपल्याही घरी तळाशी सरकवलेले एखादे गाठोडे असेल. त्यातले माणूस अजून दारात आहे ना, एवढे आजच पाहून यावे.