धाकट्याचा हक्क

फार वर्षांपूर्वीची, सात समुद्रांपलीकडची ही गोष्ट. तिथे एका मोठ्या नदीच्या काठी शॉनी नावाच्या लोकांचे एक गाव होते. झाडांच्या सालींनी शाकारलेली घरे, नदीलगत मक्याची आणि भोपळ्याची शेते, मागे हरणांचे रान. त्या गावात दोन भाऊ राहत. थोरला गावाचा मुखिया होता. धाकटा कोणीच नव्हता. तो थोरल्याचा भाऊ होता, आणि त्याला तेवढे पुरत होते.

धाकटा तापट. चुलीच्या आधी हा पेटतो, असे त्याची आत्या म्हणायची. आईबाप लवकर गेले, तेव्हा थोरल्यानेच त्याला वाढवले. मासा भाजायला, हरणाचा माग काढायला, थंडीत ओली लाकडे पेटवायला तो त्याच्याकडूनच शिकला. गप्प बसायला मात्र शिकला नाही.

त्या दिवसांत पूर्वेकडून गोरे लोक येत होते. आधी एक झोपडी यायची, मग कुंपण, मग किल्ला. त्यांचा अधिकारी एखाद्या गावच्या मुखियाला एकटा गाठायचा, घोंगड्या आणि दारू द्यायचा आणि कागदावर त्याची खूण घ्यायचा. झाली जमीन त्यांची. त्याच रानात शिकार करणाऱ्या बाकीच्या गावांना ते कळायचे कुंपण आडवे आल्यावर.

थोरला अधिकाऱ्याकडे गेला. धाकटाही बरोबर होता.

"तुझ्या शेजाऱ्याने विकली, मी घेतली. माझं काय चुकलं?" अधिकारी म्हणाला.

"एका ताटात दहाजण जेवत असतील," थोरला म्हणाला, "तर त्यातला एकजण उठून ताट विकू शकतो का?"

"जेवण झालं असेल तर विकेल की." अधिकारी हसला.

"आमचं झालेलं नाही," थोरला म्हणाला आणि परत फिरला.

मग तो गावोगाव फिरला. तळ्याकाठच्या लोकांकडे गेला, डोंगरातल्या लोकांकडे गेला. सगळीकडे त्याचे एकच सांगणे होते. जमीन सगळ्यांची आहे. एकट्या गावाने ती द्यायची नाही, आणि एकट्या गावाने हत्यारही उचलायचे नाही. जे ठरवायचे ते सगळ्यांनी मिळून.

लोक ऐकायचे, पण मान डोलवायचे नाहीत. ही गावे एकमेकांशी पिढ्यान् पिढ्या भांडलेली. तळ्याकाठचा म्हातारा मुखिया तर स्पष्टच म्हणाला, "आज शांतपणे बोलतोस, पोरा. उद्या तुझ्या घरातलं कोणी मेलं, की तू कोणाला विचारायला थांबशील?"

त्या मुलखात एक जुनी रीत होती. लढाईत ज्याचे माणूस पडले, त्याच्या हाती कैदी द्यायचा. मग त्याला मारायचे, की मेलेल्याच्या जागी आपल्या घरात घ्यायचे, हे त्यानेच ठरवायचे. त्यात दुसऱ्या कोणी बोलायचे नाही. थोरल्याने म्हाताऱ्यासमोर त्या रीतीतले मारणे सोडून दिले.

"हात बांधलेल्या माणसाला माझ्या घरातलं कोणी मारणार नाही," तो म्हणाला. "आमचं कोणीही पडलं तरी नाही. रागाच्या दिवशी आम्ही शब्द पाळला, तर बाकीच्या दिवशीही पाळू, असं समजा."

म्हाताऱ्याला ते पटले. मग त्यानेही तोच शब्द दिला. इतर गावांनीही दिला. गावे एकत्र आली ती एवढ्याच आधारावर.

परतताना धाकटा वाटभर फुगलेला होता.

"दादा, मी पडलो तरी तू कैद्याला सोडशील?"

"सोडीन."

"मग माझी किंमत काय राहिली?"

"तू पडू नकोस म्हणजे झालं," थोरला म्हणाला आणि त्याच्या पाठीत एक धपाटा घातला.

पडला तो थोरलाच. नदीच्या उतारावर लढाई झाली. सगळ्या गावांची माणसे खांद्याला खांदा लावून लढली आणि गोऱ्यांना पहिल्यांदाच माघार घ्यावी लागली. पण एक गोळी थोरल्याच्या छातीत बसली. धाकटा पोहोचला तेव्हा त्याचे डोळे उघडे होते, पण ते धाकट्याकडे पाहत नव्हते.

दुसऱ्या दिवशी सकाळी थोरल्याला पुरले. धाकटा रडला नाही. कोणी पाणी दिले तर त्याने ते ओतून दिले. कोणी पाठीवर हात ठेवला तर झटकला.

दुपारी गावातल्या जवानांनी एक कैदी आणून त्याच्यासमोर उभा केला. तो शिपाई नव्हता. गोऱ्यांच्या फौजेमागून जमीन मोजत येणारा माणूस होता. खांद्यावर मोजणीची लोखंडी साखळी होती, हात मागे बांधलेले होते.

"घे," जवान म्हणाले. "तुझा हक्क."

आत्या पुढे आली. "हक्क आहे हे खरं," ती म्हणाली. "पण हक्क आहे म्हणून तो आजच वापरायला हवा असं नाही. त्याला अंघोळ घाल, घरात घे. आपल्या रीतीत तेही बसतं."

"दादाच्या जागी? हा?" धाकटा म्हणाला. "याला दादाच्या घोंगडीवर निजवू?"

"नको निजवू. खांबाला बांध, उपाशी ठेव, मनसोक्त शिव्या दे. पण आज हात उचलू नकोस. तुझ्या भावाचा शब्द आहे, आणि तळ्याकाठचे लोक बघतायत."

ते खरेच बघत होते. म्हातारा मुखिया आपल्या माणसांबरोबर झाडाखाली बसला होता.

कैद्याला त्यांची भाषा थोडीफार येत होती. तो हळूच म्हणाला, "मी फक्त मोजतो. घेणारे दुसरे."

मोजतो, एवढेच धाकट्याच्या कानात शिरले. शेजारच्या जवानाच्या कमरेची कुऱ्हाड त्याने ओढली. ती एकदाच खाली आली.

धाकट्याला वाटले होते, आता छातीवरचे ओझे उतरेल. ते उतरण्याची वाट पाहत तो उभा राहिला. तेवढ्यात झाडाखालची माणसे उठली आणि घोड्यांवर सामान बांधू लागली.

धाकटा धावत गेला. "मुखिया, चाललात कुठे? गोरे परत येणार आहेत. लढाई अजून व्हायची आहे."

"तुमची तुम्ही लढा," म्हातारा म्हणाला.

"एका मोजणीदारासाठी? तो तुमचा कोण होता?"

"कोणी नव्हता." म्हाताऱ्याने घोड्याचा पट्टा आवळला. "काल त्याच उतारावर माझा मुलगाही पडला. रात्री आमच्या तळावर माझ्या सुनेच्या हाती दोन कैदी दिले. तुझ्या भावाच्या शब्दाखातर तिने ते सोडले. दात-ओठ खात सोडले, पण सोडले. आता तळावर जाऊन तिला काय सांगू?"

म्हातारा घोड्यावर चढला. त्यांच्यामागून डोंगरातले लोकही गेले.

गोऱ्यांना पुढचे सोपे झाले. अधिकाऱ्याने पुन्हा एकेका मुखियाला एकटे गाठले. दुसरे गाव शब्द पाळेल याचा आता कोणालाच भरवसा नव्हता, म्हणून जो तो आपले मिळेल ते घेऊन मोकळा झाला. वसंतात नदीकाठी नवा मोजणीदार आला. पहिल्याची साखळी हरवली होती, तर त्याने दुसरी आणली होती. मक्याच्या शेतात खुंट्या ठोकल्या गेल्या आणि शॉनी लोक गाव सोडून पश्चिमेकडे निघाले.

वाट तळ्याकाठच्या गावावरून जात होती. तिथेही घरांवरच्या साली उतरवल्या होत्या, ओझी बांधून ठेवली होती. एका अंगणात एक तरुण बाई मोठ्या भांड्यात मका शिजवत होती. आत्याने तिला ओळखले. ती म्हाताऱ्याची सून होती.

बाईने आलेल्या सगळ्यांना बसवले. धाकटा लांबच उभा राहिला.

"तू त्याचा भाऊ ना?" तिने विचारले.

"हो."

"आम्हीही उद्या निघतोय," ती म्हणाली. "बस. वाट लांबची आहे."

तिने पहिला वाडगा त्याच्या हातात दिला आणि इतरांना वाढायला वळली. त्याने तो बराच वेळ नुसताच धरून ठेवला. मग तो खाली बसला, आणि थोरला गेल्यापासून पहिल्यांदाच रडला.

तात्पर्य एवढेच: गेलेल्या माणसासाठी सूड कोणीही घेऊ शकतो. त्याच्यावर खरे प्रेम असेल, तर जो दिवस सर्वांत कठीण आहे त्याच दिवशी त्याचा शब्द पाळावा.