खुंटीवरचं पागोटं

खूप जुनी गोष्ट आहे बरं का, लहानथोरांनो. इतकी जुनी, की तेव्हाच्या राजाचं नावसुद्धा आता कोणाला आठवत नाही.

त्या राज्यात एका गावी शाळेसाठी गुरुजी नेमायचे होते. उमेदवार दोनच, नारोपंत आणि गिरमाजी. परीक्षा तोंडी. शेवटी आली औटकी, म्हणजे साडेतीनचा पाढा. नारोपंतांनी तो घडाघडा म्हटला. गिरमाजी पाचाच्या पुढे सरकेचना! पण परीक्षक पडले गिरमाजीच्या बहिणीचे सासरे. "पुरे, पुरे," म्हणत त्यांनी त्याला थांबवलं आणि त्याचीच निवड केली.

राज्याची रीत अशी, की नव्या गुरुजींचं पागोटं महिनाभर चावडीच्या खुंटीवर टांगायचं. ज्याची हरकत असेल त्याने ते खाली काढायचं. मग राजाचे न्यायाधीश येऊन निवाडा करत. महिना उलटला आणि कोणी हात लावला नाही, तर गुरुजींनी ते डोक्यावर चढवायचं.

नारोपंतांच्या अंगाचा नुसता तिळपापड झाला. लहानपणापासून त्यांना एकच ध्यास, गुरुजी व्हायचं. रोज चावडीवर जायचे, पागोट्याकडे बघून दातओठ खायचे आणि तसेच घरी यायचे.

"अहो, काढा की ते खाली!" त्यांची बायको भागीरथी म्हणाली.

"तुला काय कळतं? आत्ता काढलं तर नुसती त्याची जागा जाईल. मिरवू दे चार दिवस. पोरांसमोर पाढा अडला, की गावभर शोभा होईल. मग बघ, सगळे माझ्या पाया पडत येतात की नाही!"

"तुम्हाला जागा हवीय, की त्याची फजिती?"

खरं सांगू? नारोपंतांना फजितीच जास्त हवी होती. मत्सर मेला असाच असतो, आपलं भलं कशात आहे तेसुद्धा सुचू देत नाही.

महिना उलटला. गिरमाजीने पागोटं डोक्यावर घातलं. पण पुढे झालं भलतंच! आपण कुठे कमी पडलो हे त्याला पक्कं ठाऊक होतं. त्याने रोज पहाटे उठून औटकी घोकली, आणि मग पोरांकडून अशी घोकून घेतली की वाण्यालाही हिशेबात ती हार जाईनात. शाळेत चाळीस पोरं झाली. आयाबाया गिरमाजीला वाटेत थांबवून सणाला जेवायला बोलवायच्या. नारोपंत ओट्यावर बसून हे बघायचे आणि जळफळायचे.

तीन वर्षांनी गावाने गिरमाजीचा सत्कार ठरवला. तेव्हा मात्र नारोपंतांना राहवेना. तडक राजधानी गाठून त्यांनी न्यायाधीशांपुढे गाऱ्हाणं मांडलं.

न्यायाधीशांनी गावात येऊन परीक्षकांना खडसावलं. म्हातारा हात जोडून म्हणाला, "खरं आहे, सरकार. नात्यापायी मी डोळेझाक केली."

नारोपंतांचा चेहरा असा खुलला!

"तक्रार खरी आहे," न्यायाधीश म्हणाले. "हे परीक्षक यापुढे कोणाचीही परीक्षा घेणार नाहीत. आता नारोपंत, तुम्ही सांगा. त्या महिन्यात आजारी होता?"

"नाही, सरकार."

"परगावी होता? कोणी धमकावलं होतं?"

"नाही."

"मग आला का नाहीत?"

न्यायाधीशांनी चावडीच्या रिकाम्या खुंटीकडे बोट दाखवलं.

"तेव्हा हरकत घेतली असती तर आज शाळेत तुम्हीच असता. तुम्ही गप्प बसलात. चाळीस घरांनी विश्वासाने पोरं या माणसाच्या हाती दिली. त्यांची बसलेली घडी मी आता विस्कटणार नाही. गुरुजी गिरमाजीच राहतील."

नारोपंत घरी आले. भागीरथीने पाण्याचा तांब्या पुढे केला.

"काय झालं?"

"माझं खरं ठरलं गं," ते म्हणाले, आणि ओक्साबोक्शी रडू लागले.

म्हणून सांगते, अन्याय झाला तर तेव्हाच्या तेव्हा बोला. दुसऱ्याची फजिती बघायला जो थांबतो, त्याचा खरा हक्कसुद्धा हातचा जातो.