राहिलेली चूल

"मग ह्या खेपेला काय बोलू, बुवा? आठ वर्षांमागं बोलले त्याहून मोठंच काहीतरी बोलायला हवं ना?"

खडकावरच्या देवळाची शेवटची पायरी चढायच्या आधीच वेणूबायनं विचारलं. धाप लागली होती. हातात पूजेचं ताट, ताटावर पदर, आणि पदराची दोन्ही टोकं ताटाखाली मुठींत. खाली बंदरात अजून नुसतं भुरभुरत होतं, पण इथं वर वाऱ्यानं धिंगाणा मांडला होता.

रतनगीरबुवा महादेवासमोर बसून बेलाची पानं निवडत होते. किडकं एका बाजूला, धड एका बाजूला. वर बघितलंच नाही.

"आठ वर्षांमागं काय बोलली होतीस, बाय?"

आता हे काय विचारणं झालं! तो नवस काळशेत बंदरातल्या पोराटोरांना पाठ होता. तेव्हाही असंच वादळ आलं होतं. वेणूबायचे मालक, नाखवा, होडी घेऊन समुद्रात गेलेले, दोन दिवस पत्ता नाही. ती ह्याच उंबऱ्यावर डोकं टेकून म्हणाली होती, "महादेवा, होडी धक्क्याला लागू दे. अख्ख्या बंदराला चूलबंद आवतण देईन. त्या दिवशी बंदरात एक चूल पेटू देणार नाही!"

तिसऱ्या दिवशी होडी लागली. शीड फाटलेलं, सुकाणू गेलेलं, पण माणसं धड. आणि वेणूबायनं नवस फेडला. घरोघर कुंकू-अक्षता फिरल्या. पानांवर पानं उठली. तेव्हापासून बंदरात बायका म्हणत, वेणूबायचा शब्द महादेव खाली पडू देत नाही. सोळा सोमवार झाले, हरतालिका कधी चुकली नाही, श्रावणात तर ती पाणीसुद्धा देवाला विचारून पीत असे.

हे सगळं तिनं बुवांना पुन्हा सांगितलं. जरा रंगवूनच.

बुवांनी एक पान उजेडात धरून बघितलं. किडक्यांत टाकलं.

"आणि आता काय मागायचंय?"

"हे वादळ वळू दे! दुपारी आपल्यावर येतंय म्हणतात, बुवा. रेडिओ सकाळपासून ओरडतोय. ताशी सव्वाशेचा वारा! झाडं उपटतील, पत्रे उडतील. ते बाजूला जाऊ दे, बस्स."

"बाजूला कुठं?"

"कुठंही… तिकडं वर, नाहीतर…"

वेणूबाय थांबली. वरच्या अंगाला तिचं माहेर होतं. खालच्या अंगाला लेक दिली होती.

…

बुवांनी पुढचं पान उचललं. तिनंच घाईघाईनं विषय बदलला.

"ह्याचं नाव ओरवा आहे, ठाऊक आहे का? आठ वर्षांमागल्याचं सेरू होतं."

"असं? बारसं कोण करतं?"

"अहो, समुद्राकाठच्या देशांनी मिळून यादीच करून ठेवलीय! वादळ उठलं की यादीतलं पुढचं नाव त्याला. रांगेनं. ह्याच्यामागून येईल त्याचंही ठरलंय. त्याच्यामागच्याचंही!"

बुवांचा हात थांबला. म्हातारा पहिल्यांदाच वर बघून लहान मुलासारखा हसला.

"म्हणजे जे अजून उठलंच नाही…"

"त्याचंही नाव लिहून तयार!"

"वा! आणि तुझ्या यादीत किती नावं होती, बाय?"

"माझ्या कसल्या?"

"आवतणाच्या."

"अडुसष्ट घरं, बुवा! एकेक उंबरा स्वतः चढले मी."

"बंदरात घरं किती?"

वेणूबायच्या मुठीतून पदर सुटला. वाऱ्यानं तो ताटावरून फडफडत उडवला.

"त्या दिवशी मी इथंच बसलो होतो," बुवा म्हणाले. "हवा कशी धुतल्यासारखी. सगळं बंदर दिसत होतं. एका छपरातून धूर निघत होता…"

ते घर कुणाचं, हे वेणूबायला विचारावं लागलं नाही. वाळूच्या पार टोकाला, खाडी जिथं समुद्राला मिळते तिथलं. द्वारकीचं.

बोंबील सुकवायच्या काठ्यांवरून भांडण झालं होतं. द्वारकीनं काठ्या हातभर अलीकडं रोवल्या, वेणूबायनं त्या उपटल्या, मग तोंडाला तोंड लागलं आणि दोघींनी एकमेकींच्या सात पिढ्या वाळत घातल्या. त्यानंतर पंधरवड्यातच ते वादळ आलं, आणि नवस झाला. अक्षता वाटताना वेणूबाय त्या टोकापर्यंत गेली होती. अर्ध्या वाटेवरून माघारी आली. मनात म्हणाली, एका चुलीनं काय होतंय? अडुसष्ट तर झाल्या.

"पण आज मी कुणाला नाही म्हटलंय?" ती आता चिडून म्हणाली. "माझं घर उंचावर, वर स्लॅब. कालपासून सगळं बंदर आमच्याकडं येतंय. भोंग्यावरून सांगितलंय, सगळ्यांनी वेणूबाय नाखवांकडं या. दार उघडं टाकलंय! पोलीस पाटील त्या द्वारकीकडं तीनदा जाऊन आले. हलत नाही. म्हणते, त्या उंबऱ्याची अक्षत माझ्या दारी कधी आली नाही, बुडाले तरी तिथं जायची नाही. घरात नवरा अंगावरून वारं गेलेला, उठता येत नाही त्याला. आता इतका हट्ट! मी काय करू?"

बुवा उठले. गुडघे कटकट वाजले. त्यांनी तिच्या हातातलं ताट घेतलं. नारळ काढून उंबऱ्यावर ठेवला. फुलं काढली. निरांजन काढलं. उदबत्त्या काढल्या. उरली कुंकवाची डबी आणि अक्षतांची वाटी.

वाटी त्यांनी तिच्या तळव्यावर उपडी केली, बोटं एकेक करून मिटवली, आणि कुंकवाची डबी तिच्या कमरेला खोचली.

"जा."

"अहो, पण नवस? काय बोलू ते तर…"

"बोललीस ते आधी संपव."

आणि म्हातारा पुन्हा बेल निवडायला बसला.

वेणूबाय पायऱ्या उतरली म्हणण्यापेक्षा वाऱ्यानं तिला उतरवली. अर्ध्या वाटेवर पाऊस आडवा आला. माडांची डोकी जमिनीला लागत होती. आपल्या घराकडं जाणारी वाट डावीकडं फुटली, तिथून नाखवांनी हाका मारल्या. "अगो, कुठं चाललीस? वेड लागलं काय?"

"आवतण राहिलंय!" ती ओरडली, आणि उजवीकडं वळली.

वाळूवर पाऊल ठरत नव्हतं. समुद्र मातीच्या रंगाचा झाला होता आणि कालपर्यंत जिथं होड्या ओढलेल्या होत्या तिथं लाटा येऊन आपटत होत्या. मूठ मात्र तिनं छातीशी धरली होती. मनात महादेवाचं नावसुद्धा येत नव्हतं. एवढंच येत होतं, सुटू नका, बायांनो, सुटू नका… हे ती तांदळांना म्हणत होती.

द्वारकी छपरावर जुनं जाळं टाकून त्याला दगड बांधत होती. पातळ गुडघ्याच्या वर खोचलेलं, केस तोंडावर. तिनं वेणूबायला बघितलं आणि दगड हातातच धरला.

"कशाला आलीस गो? छप्पर उडताना बघायला?"

"आवतण द्यायला."

"कसलं?"

"जेवायचं. चूलबंद."

एक पत्रा कुठूनसा भिरभिरत आला आणि खाडीत पडला. दोघींपैकी एकीनंही तिकडं बघितलं नाही.

"आठ वर्षांनी?" द्वारकी म्हणाली.

"आठ वर्षांनी."

"वाट चुकली होतीस काय?"

"नाही. अर्ध्यावरून परत गेले होते."

द्वारकीला हे उत्तर अपेक्षित नव्हतं. तिनं दगड खाली ठेवला.

"दिसलीस मला तेव्हा," ती हळू म्हणाली. "ताट घेऊन येताना. मी अंगण सारवायला घेतलं होतं…"

वेणूबाय दोन पावलं पुढं झाली. तिनं मूठ उघडली. तांदूळ घामानं आणि पावसानं भिजून हाताला चिकटले होते, कुंकू तळव्यावर उतरलं होतं. वाऱ्याला त्यातला एक दाणा उचलता आला नव्हता.

आतून द्वारकीचा नवरा अंथरुणावरून बोलला, वाकड्या तोंडानं, पण स्पष्ट, "अगो, विचार तरी, जेवायला काय आहे!"

"काय आहे?" द्वारकीनं विचारलं.

"भात, आमटी. जमलं तर शिरा."

"आठ वर्षं थांबले, आणि आमटी? ह्यापेक्षा माझी पेज बरी गो!" असं म्हणत तिनं कपाळ पुढं केलं.

वेणूबायनं कमरेची डबी काढली, वाऱ्याकडं पाठ केली आणि कुंकू लावलं. अक्षता तळव्याला इतक्या चिकटल्या होत्या की खरवडून तिच्या ओंजळीत टाकाव्या लागल्या.

मग द्वारकी आत गेली. चुलीवर पेजेचं भांडं होतं, खाली लाकडं पेटलेली. तिनं भांडं उतरवलं, तांब्या उचलला आणि चुलीवर ओतला.

चर्र… झालं. घरभर राख उडाली.

"पेटू द्यायची नाही ना?" ती म्हणाली. "बघ. विझली."

पुढं घाई झाली. छपरावरचं जाळं खाली ओढलं, दुहेरी केलं, त्यात नवऱ्याला घातलं आणि जाळं होडीच्या वल्ह्याला बांधलं. एक टोक द्वारकीच्या खांद्यावर, दुसरं वेणूबायच्या. तो आत लटकून म्हणत होता, "जन्मभर मासे ओढले, आज मीच जाळ्यात!" आणि दोघी हसत होत्या, रडत होत्या, की पाऊसच तोंडावरून वाहत होता, कुणास ठाऊक. वाटेत दोनदा पडल्या. दुसऱ्यांदा उठताना द्वारकी म्हणाली, "खांदा बदल गो, तुझा हा सोलवटलाय." तेवढ्यात समोरून नाखवा आणि दोन माणसं धावत आली आणि त्यांनी वल्हं घेतलं.

वेणूबायच्या घरी पोचून दार लावलं आणि ओरवा बंदरावर आलं.

तीन तास. भिंती कण्हत होत्या. शाळेचे पत्रे पत्त्यांसारखे गेले. सगळं बंदर एका स्लॅबखाली, मांडीला मांडी लावून. मधल्या खोलीत द्वारकी आमटी ढवळत होती आणि ओरडत होती, "मीठ कुणी घातलं गो ह्यात? वेणूनं? तरीच!"

संध्याकाळी वारा पडला. सगळी बाहेर आली. माणसं मोजली, एकही कमी नव्हतं. माड मात्र निम्मे आडवे, होड्या एकमेकींवर चढलेल्या. आणि वाळूच्या टोकाला घर नव्हतं. छप्पर नाही, भिंती नाहीत. खाडीनं वाटच बदलली होती. पाण्याच्या कडेला फक्त चूल उरली होती, ओल्या राखेनं भरलेली.

द्वारकीनं त्या चुलीकडं बोट केलं.

"पेटती राहिली असती," ती म्हणाली, "तर मी तिथंच बसले असते."

दुसऱ्या दिवशी सकाळी दोघी खडकावर गेल्या. मागोमाग निम्मं बंदर गेलं. देवळासमोरचा बेल मुळासकट पडला होता. बुवा त्याच्या आडव्या खोडावर बसून पानं निवडत होते. किडकं एका बाजूला, धड एका बाजूला.

"बुवा," वेणूबायनं वाकून विचारलं, "आता तरी फिटला ना माझा नवस?"

बुवांनी तिच्याकडं बघितलं नाही. द्वारकीकडं बघितलं.

"आणि तू? तुझ्या दारचं आवतण कुणाकडं जात नाही?"

द्वारकीची मान खाली गेली. पलीकडच्या गावात तिची सख्खी भावजय होती. अकरा वर्षं…

मागं उभ्या असलेल्या गर्दीतही कुणी खाकरलं, कुणी पदर सारखा केला, कुणी उगाच समुद्राकडं बघायला लागलं.

बुवांनी एक धड पान उचललं. पुसलं.

"पुढच्या वादळाचं नाव ठरलंय म्हणालीस ना, वेणूबाय?"

"हो, बुवा. यादीत आहे."

बुवांनी उठून ते पान आत पिंडीवर ठेवलं आणि उंबऱ्यावरून वळून सगळ्यांकडं बघितलं.

"मग ज्याची जी चूल राहिली असेल… वारा पडलाय तोवर जाऊन या."