न निवणारी कढई

फार पूर्वी एका शहराच्या बाजारपेठेत, वळणावर, हौसाबाईंची भज्यांची हातगाडी उभी असे. गाडीवर एक काळी लोखंडी कढई होती आणि तिच्याखाली कोळशाची शेगडी.

एका सकाळी पहिला घाणा तळला जात असताना समोरच्या नव्या उपाहारगृहाचा मालक चार गडी घेऊन आला. "हौसाबाई, ही जागा आता माझी झाली. गाडी भंगारात जाईल. कढई मात्र मी भिंतीवर टांगणार आहे. जुन्या वस्तू गिऱ्हाइकांना फार आवडतात."

कढईच्या अंगाचा तिळपापड झाला. "टांगायला मी काय तसबीर आहे?"

गड्यांनी गाडीला हात घालताच हौसाबाई शांतपणे म्हणाल्या, "तापल्या तेलाची गाडी कोणी हलवीत नाही, शेठ. सांडले तर तुमचेच पाय भाजतील. कढई निवली, की खुशाल न्या."

"निवू दे," म्हणत मालक खुर्ची मागवून बसला.

शेगडी कढईला कुजबुजली, "ताई, माझा जीव घाबरला आहे. विझू का?"

"खबरदार! तू विझलीस, तर उद्यापासून माझ्यात नुसती धूळ साचेल. फुलव निखारे!"

शेगडी फुलली. हौसाबाईंनी दुसरा घाणा सोडला. वास दरवळला, गिऱ्हाइकांची रांग लागली आणि घाण्यामागून घाणे निघू लागले. दिवस मावळला, पुन्हा उगवला. शेगडी काही विझली नाही.

"अरे, निवली का ती?" मालक गड्यांवर खेकसला. गड्यांना उत्तर देता येईना. त्यांच्या तोंडांत भजी होती.

तेव्हा कढईच म्हणाली, "हात लावून पाहा की!"