करंबेळ्याचं उलटं जातं

करंबेळ्याची खाडी ओलांडून होडी किनाऱ्याला लागली, की उंडीच्या झाडाखाली आवडाईचं देऊळ दिसतं. देऊळ कसलं, जांभ्याचे चार खांब आणि वर कौलं. आत मूर्ती नाही. आत एक जातं आहे, काळ्या दगडाचं, आणि त्याचा खुंटा लाकडाचा नसून कुठल्याशा धातूचा आहे, हिरवा पडलेला. मागे शहरातून एक जाणकार गृहस्थ आले होते. त्यांनी भिंग लावून पाहिलं आणि हा जुन्या गलबताचा खिळा असावा, असा निर्वाळा दिला. गावाने त्यांना सोलकढी पाजली आणि वाद घातला नाही. करंबेळ्यात वाद घालत नाहीत, संशय घेतात. पाहुण्याने आणलेला पेढा इथे आधी मांजरापुढे ठेवतात, आणि मांजराने तो खाल्ला तर मांजरावर संशय घेतात.

ही खोड आवडाईच्याही आधीची, पण खोडीला मान मिळाला तो आवडाईमुळे, असं सांगतात.

फार जुनी गोष्ट. तेव्हा समुद्रापलीकडून यवनांची, म्हणजे ग्रीकांची, गलबतं या किनाऱ्याला यायची, मिरी आणि तलम कापड भरून परत जायची. त्यातलं एक गलबत वादळात डोलकाठी मोडून खाडीत शिरलं. नवी डोलकाठी तासून उभी होईपर्यंत त्याला हलता येईना. गलबताचा मालक दिमित्र नावाचा यवन होता. तांबूस दाढीचा, डोळे पाण्यासारखे. आधी बऱ्याच खेपा केल्यामुळे आपली भाषा तो बोलायचा, पण भात चावल्यासारखी.

डोलकाठीच्या कामावर गावातला म्हाळू तांडेल जाऊ लागला. म्हाळू म्हणजे आवडाईचा नवरा. समुद्रावर वाघ, आणि जमिनीवर कुणीही यावं आणि त्याला काहीही पटवून जावं असा. आवडाई बरोबर त्याच्या उलट. नवऱ्याने स्वतः धरून आणलेल्या माशाचेही कल्ले ती उघडून बघायची.

एका संध्याकाळी म्हाळू घरी आला तो जेवणावर लक्षच नसलेला.

"त्या यवनाकडं एक पेटी आहे," तो म्हणाला. "आत चाकंच चाकं, करवतीसारखे दाते असलेली. बाजूला दांडा. दांडा फिरवला की सोन्याचा सूर्य फिरतो, चांदीचा चंद्र फिरतो, अर्धा काळा, अर्धा पांढरा. मला फिरवायला दिला त्याने."

"का दिला?"

"का म्हणजे? मला आवडलं म्हणून."

आवडाईने भाताचं पातेलं त्याच्यापुढून मागे ओढलं. "पुढं काय झालं ते सांगा. मग वाढते."

पुढे झालं होतं ते असं. म्हाळू दांडा फिरवत असताना चंद्र सूर्यावर आला, पेटीच्या पाठीमागचा काटा एका खुणेवर बसला, आणि यवनाने त्याचा हात धरला. म्हणाला, येत्या अमावस्येला, उन्हं कलायच्या सुमाराला, सूर्य झाकला जाईल. म्हाळूला ही बातमी इतकी गोड लागली, की घरी येण्याआधी तो ती ताडीच्या गुत्त्यात सांगून आला होता. वर हेही, की दांडा मी फिरवला.

आवडाईने पातेलं परत पुढे सरकवलं. "जेवा," ती म्हणाली. "पोटभर जेवा."

पुढचं संकट तिने बरोबर ओळखलं होतं. दुसऱ्या दिवशी गावकराने चावडी भरवली. गावकर म्हणजे तेव्हाचा गावप्रमुख. माणूस दुष्ट नव्हता, पण गावाचं पुढारपण करायचं तर गावाहून जास्त संशयी असावं लागतं. त्याने निवाडा दिला. गलबताचं सुकाणू काढून चावडीत ठेवायचं. अमावस्येला सूर्य झाकला नाही, तर यवन थापाड्या, त्याला हाकलून द्यायचं. झाकला, तर यवन चेटक्या. मग त्याला, त्याच्या पेटीला आणि पेटीला ज्याचा हात लागला त्या म्हाळूला खाडीच्या मुखाशी नेऊन बुडवायचं. सूर्य दळणारे हात गावात नकोत.

"दळणारे" हा शब्द गावकराचा, पण तो साऱ्या गावाला पटला, कारण दांडा धरून गोल फिरवायची दुसरी कुठली वस्तू गावाने पाहिलीच नव्हती. दांडा फिरतो, म्हणजे ते जातं. जातं फिरलं, म्हणजे काहीतरी भरडलं जाणार. आवडाईलाही ते पटलं. नवऱ्याचा जीव जातोय म्हणून खरं ते खोटं कसं म्हणायचं?

सुक्या बांगड्यांची टोपली डोक्यावर घेऊन ती गलबतावर गेली. दिमित्राने पेटी उघडून दाखवली. तिने हात मागे बांधले आणि नुसती पाहिली.

"यात काय दळतात?"

"दिवस," यवन म्हणाला.

"आणि पीठ कुणाच्या घरी जातं?"

"बाई, मी सूर्य झाकत नाही. कधी झाकणार, ते फक्त सांगतो. थोड्या वेळाने तो आपोआप सुटतो."

"कोंबडापण असंच म्हणत असेल. मी उजाडवत नाही, फक्त आरवतो."

"कोंबडा खरं बोलतो."

"ते तुम्ही म्हणणारच."

कोंबडं झाकलं म्हणून तांबडं फुटायचं राहत नाही, ही म्हण या बोलण्यातूनच निघाली, असं करंबेळ्यात सांगतात. बाकीच्या मुलखाला ते मान्य नाही. असो.

टोपली उचलता उचलता तिने विचारलं, "दांडा उलटा फिरतो?"

"फिरतो. मग मागचे दिवस दिसतात."

एवढं ऐकून ती उतरली. बांगडे मात्र परत घेऊन आली.

अमावस्या आली. दुपार कलायच्या आधीच सारा गाव किनाऱ्यावर जमला. आज जिथे देऊळ आहे तिथे, उंडीखाली, म्हाळू आणि दिमित्र पाठीला पाठ लावून काथ्याच्या दोराने बांधलेले. शेजारी पेटी. पाण्यात होडी तयार, होडीत बांधायला दगड. म्हाळू अजूनही म्हणत होता, "बघाच आता, कशी बरोबर सांगते पेटी." त्याच्या पाठीशी बांधलेला यवन हळूच म्हणाला, "तांडेल, गप्प बैस."

आधी कुणाला काही कळलं नाही. मग एका म्हातारीने जमिनीकडे बोट दाखवलं. उंडीच्या पानांमधून वाळूवर पडणारे कवडसे एरवी गोल असतात. ते कोयत्यासारखे झाले होते, सगळेच्या सगळे. ऊन पातळ पडलं. बांबूच्या वलांडीवर सुकत घातलेल्या बोंबलांवर टपलेले कावळे उडून माडांत शिरले. सगळ्यांनी एकमेकांकडे पाहिलं, आणि गावकराने होडीवाल्यांना हात केला.

तेव्हा आवडाई पुढे झाली आणि पेटीवर हात ठेवून वाळूत बसली.

"ऊठ आवडे," गावकर म्हणाला. "तुझा काही गुन्हा नाही."

"नाहीच. मी एवढंच विचारते, दळणाऱ्यांना बुडवलंत, पेटी बुडवलीत, तर उलटं फिरवायचं कुणी? की सूर्य तसाच ठेवायचा?"

गावकराचा हात खाली आला. हा संशय त्याला सुचायला हवा होता, तो सुचला नाही म्हणून त्याला रागही आला. "उलटं फिरतं?"

"जातं कुठूनही फिरतं."

तिने दांडा धरला आणि उलटा फिरवायला लागली. जात्याला बसतात तशीच बसली होती, एक पाय पसरून, एक दुमडून. आत दाते कुरकुरत होते. पण कवडसे आणखीच बारीक झाले. खाडीचं पाणी शिशासारखं दिसायला लागलं. मागून कुणीतरी म्हणालं, "ही पण त्यांच्यातलीच."

"यांनी केवढं दळलंय ते तुम्हाला काय ठाऊक," आवडाई मान न वळवता म्हणाली. "सुतात गुंता पडतो पटकन, सुटतो का पटकन?"

तिचा स्वतःचा यावर विश्वास होता का? होता, असंच सांगतात. सूर्य या दांड्याने गेला असेल तर याच दांड्याने येईल, दुसरा रस्ता तिला दिसत नव्हता. खांदा भरून आला तरी ती फिरवत राहिली. मग वाळूवरचे कोयते उलट्या अंगाने भरायला लागले. पहिला हुंदका गावकराच्या बायकोचा. पाठोपाठ सगळा गाव तोंड वर करून हात जोडून उभा राहिला.

आणि नेमका तेव्हा आवडाईला संशय आला. या वेळी स्वतःचाच.

तिने हात थांबवला. दांडा धरलेलाच, पण फिरवणं बंद. मान खाली घालून ती समोरच्या एका कवडशाकडे बघत राहिली. हात थांबला होता, आणि कवडसा भरतच होता. तिच्याविना. म्हाळूविना. कुणाच्याही विना.

तिने डोळे वर केले. सारा गाव आकाशाकडे बघत होता. एकटा दिमित्र तिच्या हाताकडे बघत होता. आवडाईने क्षणभर त्याच्याकडे पाहिलं, मग त्याच्या पाठीशी बांधलेल्या नवऱ्याकडे, मग होडीतल्या दगडांकडे. आणि पुन्हा दांडा फिरवायला लागली. पहिल्यापेक्षा जोराने, घाम पुसत, कण्हत. कवडसे पार गोल होईपर्यंत.

दोर सोडले गेले. म्हाळूने उभं राहून पहिली गोष्ट काय केली, तर "बघा, बरोबर सांगितलं होतं की नाही" असं म्हणाला, आणि आवडाईने त्याच्या तोंडावर हात ठेवला.

तरी गावकर पेटी बुडवायचीच म्हणत होता. "बुडवा," आवडाई म्हणाली, "पण खाली खेकड्याने फिरवली तर?" गाव पुन्हा विचारात पडला. शेवटी ठरलं, की पेटी यवनाने घेऊन जावी आणि दांडा करंबेळ्यात राहावा. पेटी एकीकडे, दांडा एकीकडे, मग कुणाची भीती नाही.

डोलकाठी उभी राहिली, सुकाणू परत मिळालं. निघायच्या सकाळी दिमित्र दांडा घेऊन आवडाईच्या दारात आला. दांडा तिच्या हातात देताना म्हणाला, "बाई, मध्येच हात थांबला होता."

"खाज सुटली होती," आवडाई म्हणाली.

यवन इतका हसला, की त्याला उंबऱ्यावर बसावं लागलं. या वेळी तिने बांगडे त्याला देऊन टाकले, असं म्हणतात. त्याने ते आधी हुंगून पाहिले. गावाला तो तेवढ्यासाठीच आवडला.

पुढे ते गलबत त्याच्या देशाजवळच्या कुठल्याशा बेटापाशी बुडालं म्हणे, आणि हजारो वर्षांनी पाण्यातून चाकांची एक पेटी वर आली म्हणे, दांडा नसलेली. ती हीच कशावरून, असं विचारलंत तर गावाला आनंदच होईल. इथे तसं विचारणाऱ्याला बसायला पाट देतात.

आवडाईने तो दांडा आपल्या जात्याला खुंटा म्हणून बसवला. ती गेल्यावर गावाने जात्यावर छप्पर घातलं.

इतर गावांत ग्रहणात कुणी जात्याला हात लावत नाही. करंबेळ्यात मात्र आजही सूर्याला ग्रहण लागलं, की घरोघरची जाती बाहेर अंगणात येतात आणि रिकामी, उलटी फिरतात. देवळातलं जातं गावातली सर्वांत वडील बाई फिरवते. सूर्य सुटायला लागला, की ती मध्येच हात थांबवते. उंडीखालच्या कवडशांकडे बघते. बाकीच्यांनी तेवढा वेळ वर बघायचं, तिच्या हाताकडे नाही, असा दंडक आहे. मग ती पुन्हा फिरवायला लागते, पहिल्यापेक्षा जोराने. हात का थांबवला, असं तिला विचारलं, तर सगळ्या म्हाताऱ्यांचं पिढ्यान्‌पिढ्या एकच उत्तर आहे.

खाज सुटली होती.