व्यायलेली खुर्ची आणि ढगी म्हैस

एक होता राजा. त्याचं नाव ढेरसेन. हसताय कशाला? मी नाही ठेवलं नाव, त्याच्या आत्यानं ठेवलं.

त्याचं गाव बैठणपूर. त्या गावात तीन रिवाज होते, आणि तिन्ही वेडपट. नीट ऐका हं, पुढे लागणार आहेत. पहिला, खुर्ची रिकामी ठेवायची नाही. दुसरा, ज्याचं काम अडलंय त्यानं उभंच राहायचं. आणि तिसरा, सगळ्यात मोठा साहेब उठला की बाकीच्यांनी उठायचं, तो परत बसेपर्यंत कुणी बसायचं नाही. बसला की बुडाला गळू होतं म्हणे! ए सुम्या, तू काय चाचपतोयस?

एकदा काय झालं, राजाला कचेरी हवीशी वाटली. कशाला हवी? शेजारच्या राजाकडे आहे म्हणून. मग त्यानं सुताराला बोलावलं. सुतारानं रानातून लाकूड आणलं, छान खुर्ची केली, आणि जाता जाता म्हणाला, "महाराज, लाकूड जित्तं आहे बरं का. फार ऊब देऊ नका. बसणाऱ्याला अधनंमधनं उठायला सांगा."

राजा म्हणाला, "हो हो." दात घासा म्हटलं की तुम्ही म्हणता ना, अगदी तसं.

मग खुर्चीवर बसलं कोण? राजाचा मेहुणा! दुसरं कोण बसणार? त्याचं नाव फत्तेराव. तो जो बसला तो बसला. जेवायला उठेना, पाणी प्यायला उठेना. अंड्यांवर कोंबडी बसते ना, तस्सा. आणि एक दिवस खालून आवाज आला, कुईं! वाकून बघतो तर काय? खुर्ची व्यायलेली! चार इवलुसे पाय, इवलीशी पाठ, आणि आईच्या पायाला अंग घासतंय. संध्याकाळपर्यंत ते पिल्लू आईपेक्षा थोराड झालं.

आता रिकामी ठेवायची नाही ना! मग या नव्या खुर्चीवर फत्तेरावाचा साडू बसवला. साडू म्हणाला, "मी करू काय?"

राजा म्हणाला, "जुन्या खुर्चीवर लक्ष ठेव."

मग साडूची ऊब लागली, तीही खुर्ची व्यायली. मग तिच्यावर लक्ष ठेवायला तिसरी. तिसरीवर चौथी. प्रत्येक नवी खुर्ची जुनीपेक्षा मोठी, आणि जो तिच्यावर बसेल तो साहेबही मोठा.

त्याच गावात झुंबराबाई म्हणून एक म्हातारी राहायची. तिची एक म्हैस होती, ढगी. तीही नुकतीच व्यायली होती. पण ती आपली खुर्ची नाही व्यायली, रेडकू व्यायली. एकदा ढगी राजाच्या बागेत शिरली आणि शेवंती खाऊन आली. मग शिपायानं तिला कोंडवाड्यात घातलं. इकडे घरी रेडकू ओरडून ओरडून बेजार. झुंबराबाईनं पिठाच्या पाण्यात बोट बुडवून चाटवलं, तर त्यानं तोंड फिरवलं. त्याला आईच हवी. चार दिवस असंच गेलं असतं तर रेडकू काही जगत नव्हतं.

मग झुंबराबाई फत्तेरावाकडे गेली. "आवं साहेब, माझी म्हस सोडा. रेडकू उपाशी हाय."

"सोडतो की! फक्त पलीकडच्या साहेबांना विचारून ये."

मग ती साडूकडे गेली. साडू म्हणाला, "माझी काही ना नाही. पण आत्ताच एक नवी खुर्ची झालीय. तिला डावललं तर रुसेल."

मग ती नव्या खुर्चीकडे गेली. तिथला साहेब तोंड उघडतो न उघडतो तोच बुडाखाली कुईं! "थांब बाई," तो म्हणाला, "माझ्यावरचे साहेब जन्माला येतायत."

असंच चाललं. बाई एक खुर्ची गाठेपर्यंत पुढची व्यायलेली. मग बसवायला माणसं कुठून आणायची? गवळी साहेब झाला. न्हावी साहेब झाला. भाकऱ्या भाजणारी सखूसुद्धा साहेब झाली. मग चुली पेटेनात, दाढ्या वाढल्या. राजाचा आचारीही साहेब झाला, मग राजा उपाशी. शेवटी एक खुर्ची उरली, तिच्यावर राजालाच बसवलं.

आणि मग राजाची खुर्ची व्यायली. काय ती खुर्ची! बाजेएवढी रुंद. सगळ्यांत मोठी. आता हिच्यावर कोण बसणार? सगळ्या गावानं झुंबराबाईकडे बघितलं.

फत्तेराव म्हणाला, "बस गं बाई."

राजा खेकसला, "छे छे! तिचं काम अडलंय. तिनं उभंच राहायचं."

"मग उरलंय कोण?"

कोंडवाड्याचा शिपाई, तोही आता साहेबच, म्हणाला, "ती म्हैस आहे की. तिचं कुठे काय अडलंय? ती एका शब्दानं बोललेली नाही."

मग ढगीला वाजतगाजत आणलं. झुंबराबाईला काय आनंद! "सोडली का माझी ढगी?"

"सोडली नाही बाई, बढती दिली."

ढगी त्या खुर्चीवर ऐसपैस बसली आणि रवंथ करायला लागली. सगळे कुजबुजले, "साहेब विचार करतायत."

झुंबराबाई गुपचूप घरी गेली. रेडकाला घेऊन आली. ते दोन पावलं चालायचं आणि मट्कन बसायचं. तिनं त्याला ढगीपुढे उभं केलं, हात जोडले आणि म्हणाली, "बाईसाहेब, ह्यो माझा अर्ज."

रेडकानं बारीकसा आवाज काढला. झालं! ढगी ताडकन उठली.

मोठा साहेब उठला म्हटल्यावर फत्तेराव उठला, साडू उठला, राजा उठला, सगळं गाव उठलं. ढगीनं रेडकाला चाटलं, तिथंच पोटभर पाजलं, आणि त्याला घेऊन थेट डबक्यात जाऊन लोळली. म्हैस ती. डबक्यातून कचेरीत परत कशाला येतेय?

सगळे उभे. राजानं विचारलं, "साहेब कधी येतील?"

फत्तेराव डोकावून आला. "महाराज, साहेब चिखलात आहेत."

मग सखू म्हणाली, "उभंच राहायचंय ना? मग मी चुलीपाशी उभी राहते." गवळी म्हणाला, "मी गोठ्यात." न्हावी म्हणाला, "मी राजाच्या मागं, वस्तरा घेऊन." मग जो तो आपल्या कामाला उभा राहिला. राजानं उभ्यानंच गरम भाकरी खाल्ली, आणि तीन मागून घेतल्या.

आणि खुर्च्या? ऊब गेली, गार पडल्या. लाकूड जित्तं होतं ना, मग त्यांनी जमिनीत पाय रोवले. पाठीला पानं फुटली. मोठी थंडगार राई झाली. ढगी दुपारी तिथं रेडकाला घेऊन पडते. ती उठली की राजा अजून उठतो, बरं का.

सगळी मंडळी पोटभर जेवून सुखात राहिली. आता आपल्या घरातला रिवाज ऐका. सगळ्यात म्हातारं माणूस आडवं झालं की बारक्यांनी आडवं व्हायचं, आणि ते उठेपर्यंत कुणी उठायचं नाही. ही बघा, मी झाले आडवी. सुम्या, डोळे मीट. नाहीतर गळू होईल.