गाडीतलं छप्पर

फार पूर्वी, नदीकाठच्या एका गावात घरं बांधणारा एक शेठ होता, हमालांचा एक मुकादम होता, आणि पत्रावळी लावून पोट भरणारं एक कुटुंब होतं: म्हातारा, त्याचा लेक नि सून.

एका पुरात त्या कुटुंबाची झोपडी वाहून गेली. सुनेनं अंगावरचे दागिने काढून शेठपुढं ठेवले. म्हणाली, "शेठ, हिवाळ्याआधी डोक्यावर छप्पर पाहिजे. मामंजींना थंडी सोसत नाही."

"दिलं म्हणून समज!" शेठ म्हणाला.

भिंती उभ्या राहिल्या. तुळया नि कौलं भरून दोन गाड्या दारात आल्या. तेवढ्यात मुकादम आपली टोळी घेऊन आडवा आला.

"शेठ, या मालाला हात लागेल तो आमचा. गावाचा ठराव आहे."

"घर मी बांधतोय, कौलं माझी. माझे गवंडी उतरवतील."

"मागं तुमच्याच तुळईखाली आमचा गडी सापडला. त्याला बघायलासुद्धा आला नाहीत, दुसरा गडी मागवलात. उगाच नाही टोळी बांधली आम्ही!"

"आणि टोळी बांधल्यापासून मला माझी वीटसुद्धा हलवू देत नाही तुम्ही!"

आता बघा, दोघंही खरंच बोलत होते. म्हणून तर भांडण मिटेना.

दोघं कचेरीत गेले. न्यायाधीशानं सगळं ऐकलं, मिशीवरून हात फिरवला नि हुकूम दिला, "निकाल लागेपर्यंत गाडीला कुणी हात लावायचा नाही."

झालं. बैल सोडून नेले, गाड्या तिथंच. एका तारखेला शेठचा वकील आजारी, दुसऱ्या तारखेला मुकादमाचा कागद सापडेना. गवंडी एका कडेला तंबाखू मळत बसायचे, हमाल दुसऱ्या कडेला. आणि उघड्या भिंतींच्या आत, गोणपाट पांघरून, म्हातारा खोकत पडलेला.

"सूनबाई, कौलं कुठवर आली गं?"

"वीस पावलांवर आहेत, मामंजी."

"मग येतील की आज-उद्या."

पौषातल्या एका सकाळी म्हातारा उठलाच नाही.

लेक एकटा, भाऊबंद कुणी नाही. तिरडी बांधली खरी, पण खांदा कोण देणार? तेव्हा मुकादम उठला. पलीकडून शेठ उठला. त्यांच्यामागून एक हमाल नि एक गवंडी. लेक मडकं धरून पुढं, मागं हे चौघं.

परत आल्यावर सुनेनं त्यांच्या पायांवर पाणी घातलं नि विचारलं, "मुकादमभाऊ, शेठ, आज मामंजींना उचललंत, तेव्हा हात कुणाचा लागायचा ते कुणीच नाही विचारलंत. ते जिते होते तेव्हा असंच चौघांनी मिळून एक एक कौल उचललं असतं तर…"

ती रिकामा तांब्या घेऊन आत वळली.

शेठनं मान खाली घातली. "मुकादम, ओझं तुमची टोळीच उचलेल. आणि कुणाला इजा झाली, तर त्याची चूल मी पेटती ठेवीन."

मुकादम म्हणाला, "आणि कुणाचं घर अडलेलं असेल, तर आम्ही आधी माल उतरवू, मग भांडू."

कचेरीत जाऊन दोघांनी दावा मागं घेतला. न्यायाधीश म्हणाला, "अरे, पुढची तारीख पडलीय ना!"

"ती तुमच्यापाशीच असू द्या, साहेब," मुकादम म्हणाला.

हमालांनी रांग धरली, हातोहात कौलं उतरली, गवंड्यांनी वर चढवली. तीन दिवसांत घर शाकारून झालं.

सुख आलं, पण उशिरा आलं. म्हाताऱ्याला ते दिसलं नाही. पुढच्या हिवाळ्यात मात्र त्या कौलांखाली त्याची तान्ही नात निजली होती, उबेत, दुपट्यातून दोन्ही पाय बाहेर काढून.

तात्पर्य: हक्कासाठी जरूर भांडावं, पण आपलं भांडण मिटेपर्यंत तिसऱ्याला उघड्यावर ठेवू नये.